सूर्याचं न ऐकणारी गंजी

११ मार्च १९१७

कॅप्टन ऑनोरे लकूर यांस,

महाशय,

अत्यंत खेदाने कळवावं लागत आहे की, काल दुपारी आपल्या स्क्वाड्रनच्या एका घोडीने माझं कुरण खाल्लं.

कुरण म्हटल्यावर आपल्या डोळ्यांसमोर जे येईल, तसलं ते नव्हतं. तसली कुरणं या भागात आता उरलेली नाहीत. हे कुरण आमच्या कारखान्यातल्या बायकांनी जाळ्यावर गाठी मारमारून केलं होतं. आफ्रिकेतून येणाऱ्या ताडाच्या वाळक्या पात्या, त्यांना मी स्वतः दिलेल्या तीन हिरव्या छटा, मधेमधे मातीचा रंग. ते एका तोफेवर अंथरायचं होतं. म्हणजे वरून जाणाऱ्या जर्मन वैमानिकाला तोफ दिसू नये, गवत दिसावं. रंग सुकावा म्हणून कुंपणावर टाकलं होतं. आपली घोडी आली, तिने डाव्या टोकापासून सुरुवात केली आणि कुणी ओरडेपर्यंत ती मधल्या छटेपर्यंत पोचली होती.

शत्रूला फसवण्यासाठी केलेल्या कुरणाने आधी स्वपक्षाची घोडी फसवली, याचा कारागीर म्हणून मला अभिमान वाटायला हवा. पण मी सार्जंटही आहे, आणि सरकारी मालाचा जाब मला द्यावा लागतो. पुरावा म्हणून घोडीची जीभ पाहावी. अजून हिरवी असेल. आमचा लोहार, कॉर्पोरल बारनाबे, म्हणाला, "सार्जंट, उद्या सकाळी तिच्या मागं टोपली घेऊन उभा राहतो. जे पडेल तेही तोफेवर पसरू." हा माणूस लिहायला लागला असता तर माझं पोट भरणं अवघड झालं असतं.

घोडीच्या खोगिराखालच्या कापडावर कॅप्टनचं नाव होतं. आडनाव माझंच निघालं. फ्रान्समध्ये दोन कॅप्टन ऑनोरे लकूर असतील असं मला वाटत नाही. एक घडवल्यावर निसर्गाने हात धुतले असावेत.

तरी चार पावलं लांब आणि दोन पावलं रुंद कुरणाची भरपाई मिळावी, ही विनंती.

आपला आज्ञाधारक,
सार्जंट फिर्मां लकूर
(पूर्वी रूआंच्या नाट्यगृहात पडदे रंगवणारा, सध्या तेच, छप्पर नसलेल्या ठिकाणी)

ता. क. घोडी देखणी आहे. बाबांना आवडली असती.


१४ मार्च

कॅप्टनसाहेब,

काल आपला शिपाई गवताची एक दणदणीत पेंढी माझ्या दारात टाकून गेला. सोबत चिठ्ठी: "भरपाई पाठवली आहे. पुन्हा लिहू नये."

सहा वर्षांनी आपण मला लिहिलेली ही पहिली दोन वाक्यं. पहिलं मी जपून ठेवलं आहे. दुसरं वाचता आलं नाही, अक्षर फार किरटं आहे.

पण हा व्यवहार काही बरोबर झाला नाही. मी मागितलं खोटं गवत, आपण पाठवलंत खरं. तेही अशा दिवसांत, जेव्हा घोड्यांना अर्ध्या पोटावर ठेवलंय असं सगळीकडे ऐकू येतं. म्हणजे मी भरपाई मागायला गेलो आणि वर आपला ऋणी होऊन बसलो. लहानपणीही आपण हेच करायचात. मी आपली गोटी हरवली, की आपण मला दुसरी द्यायचात आणि मग वर्षभर माझ्याकडे तसं बघायचात.

पेंढी मी परत पाठवणार होतो. मग थंडी वाढली. ती आता माझ्या गादीत आहे. रात्री कूस बदलली की जूनमधल्या शेताचा वास येतो, आणि बारनाबे पलीकडून म्हणतो, "सार्जंट, नुसते झोपा, रवंथ करू नका."

हेल्मेटबद्दल काही लिहायचं नाही असं ठरवून बसलो होतो. पण बसल्यावर दुसरं काही सुचत नाही. सहा वर्षांपूर्वीच्या माझ्या त्या प्रहसनात बाबांचं हेल्मेट एका विदूषकाच्या डोक्यावर चढवलं, ते मीच. लाकडी घोड्यांवरचे चिलखती स्वार भाले रोखून धावतात आणि समोर एक जाडजूड बाई शांतपणे शिवणयंत्र चालवत बसलेली. टकटकटकटक. एकेक स्वार आडवा. प्रेक्षक हसून खुर्च्यांवरून पडत होते. फक्त पहिल्या रांगेतला एक अधिकारी उठला आणि मधल्या वाटेने बाहेर गेला. त्याच्या टाचांच्या काट्यांचा आवाज अख्ख्या नाट्यगृहाला ऐकू गेला. अठराशे सत्तर सालच्या लढाईत बाबा ते हेल्मेट घालून तोफांवर चालून गेले होते. परत आलं ते हेल्मेट आणि बाबा. घोडा आणि बाकीचे आले नाहीत. हे आपल्याला पाठ होतं. मलाही होतं.

आता ते शिवणयंत्र मला रोज ऐकू येतं, टेकडीवरच्या जर्मन मशिनगनांतून. ज्याने तो विनोद लिहिला त्याला त्यातलं काही कळत नव्हतं.

फिर्मां


२७ मार्च

ऑनोरे,

हे पत्र टपालाने येणार नाही. बारनाबे तुमच्या नालबंदाकडे खिळे मागायला जातोय, त्याच्या बुटातून येईल. वास आल्यास माझा दोष नाही.

मी एक झाड केलं आहे.

आमच्या पुढच्या खंदकाच्या अलीकडे एक मेलेला विलो उभा होता. वरचा भाग तोफगोळ्याने नेला, सालीला चिरा पडल्या, एक फांदी तुटून लोंबत होती. मी आठवडाभर पोटावर पडून त्याची चित्रं काढली. प्रत्येक ढोली, प्रत्येक गाठ. मग बारनाबेने तेवढाच पोकळ खांब पोलादाचा केला, मी त्यावर साल चढवली. एका रात्री आमच्या तोफा मुद्दाम गोंधळ घालत असताना खरं झाड कापलं आणि त्या जागी आमचं उभं केलं. सकाळी जर्मनांना तोच विलो दिसला. आत शिडी आहे, वर बसायला सायकलच्या सीटएवढी फळी आणि सालीच्या एका चिरेत जाळी. तिथून सगळी टेकडी दिसते.

आपल्या वेळी शूर माणूस लांबून दिसावा अशी रीत होती. चौदा साली तुम्ही लाल विजारी घालून गेलात. त्या ऑगस्टमध्ये गव्हात किती लाल ठिपके पडले ते तुम्ही माझ्यापेक्षा जास्त पाहिलंय. आता विमान वरून बघतं, दुर्बीण समोरून बघते, आणि जे दिसलं ते संध्याकाळपर्यंत राहत नाही. म्हणून सरकारने पडदे रंगवणाऱ्यांना बोलावलं. माझ्या आयुष्यात मला पहिल्यांदाच कुणी सन्मानाने बोलावलं, तेही न दिसण्यासाठी.

झाडात बसणं माझं काम नाही. मी फक्त रंगवतो. (त्या फळीतला एक खिळा जरा वर आलाय, एवढं मात्र सांगतो.)

आता मुद्दा. टेकडीच्या उतारावर जळक्या वाडीशेजारी गवताच्या तीन गंज्या आहेत. त्यांच्या पायथ्याशी एक खोलगट पट्टा आहे, दोन्हीकडून आडोसा, मधून मऊ जमीन. घोडेस्वारांसाठी देवानेच केल्यासारखा. तुमचा नालबंद बारनाबेला म्हणाला की, तुम्ही मागे मैदानात खुंट्या ठोकून अगदी तशाच पट्ट्यातून दौड मारायचा सराव करताय. मोठ्या चढाईत पायदळाने वाट फोडली की घोडदळ तिथून घुसणार.

ऑनोरे, सकाळी सूर्य आमच्या उजव्या हाताला असतो. तिन्ही गंज्यांच्या सावल्या डावीकडे पडतात. दुपारनंतर सूर्य डावीकडे येतो. दोन गंज्यांच्या सावल्या उजवीकडे सरकतात. तिसरीची सरकत नाही.

दोन गंज्या सूर्याचं ऐकतात. तिसरी ऐकत नाही.

कारण ती सावली रंगवलेली आहे. गंजीची उजवी बाजू पिवळी, डावी काळसर, आणि शेजारी जमिनीवर गडद कापड. ही चूक कोण करतो ते मला माहीत आहे. आयुष्यभर नाट्यगृहात काम केलेला माणूस करतो. आमच्याकडे सूर्य एकाच बाजूला टांगलेला असतो आणि पगार घेऊन तिथेच थांबतो. वस्तू रंगवली की हात आपोआप तिची सावलीही रंगवतो. त्याशिवाय ती वस्तू खरी वाटत नाही. गेल्या वर्षी मीही एका तोफेच्या छपराला सावली देऊन बसलो होतो. बारनाबे म्हणाला होता, "सार्जंट, संध्याकाळी हिला घरी पाठवायची कशी?" तेव्हा मी ती पुसली. समोरच्याला बारनाबे मिळाला नसावा.

कुणी रिकामी गंजी रंगवत नाही. तिच्या पोटात मशिनगन आहेत, आणि त्या बरोबर तुमच्या पट्ट्याकडे तोंड करून बसल्यात.

फिर्मां


३ एप्रिल

ऑनोरे,

'आपण' आणि 'तुम्ही' आता पुरे. मला घाई आहे.

तुझं उत्तर मिळालं: "गुप्त हालचालींबद्दल नालबंदाशी बोलू नये." नालबंदाला झापलंस तेही कळलं. ठीक आहे. मी रीतसर वरच्या कचेरीत गेलो. तिथे एक कर्नलसाहेब आहेत. बूट असे चकचकीत की त्यांत मी टोपी सरळ केली.

"गंजी?" ते म्हणाले.

"खोटी गंजी, साहेब."

त्यांनी विमानातून काढलेले फोटो टेबलावर मांडले. "बघा. तीन गंज्या, तीन सावल्या. तिन्ही एकाच बाजूला. फोटो खोटं बोलत नाही, सार्जंट."

"खोटं बोलत नाही, साहेब. पण हे सगळे फोटो सकाळचे आहेत. विमानं सकाळीच जातात. एखादं दुपारनंतर पाठवा."

"म्हणजे तुम्हाला सावली बघायची आहे म्हणून मी एक वैमानिक धोक्यात घालू?"

"चारशे घोडे धोक्यात घालण्यापेक्षा—"

"तुम्ही पूर्वी काय करत होता?"

"पडदे रंगवत होतो. मधूनमधून प्रहसनं लिहीत होतो."

"वाटलंच," ते म्हणाले आणि फोटो गोळा केले.

तुझा जोडीदार कॅप्टन द ब्रिसाकही तिथे होता. बाहेर येताना म्हणाला, "लकूर, तुमच्या भावाला सांगू का, की तुम्ही गवताला घाबरलात?" मी म्हटलं, सांगा, पण त्याची घोडी घाबरत नाही, तिने खाऊन पाहिलंय. तो हसला. बरा माणूस आहे. त्याच्या मिशा मला आवडतात. तो तुझ्या उजवीकडून जाणार आहे.

आता तू राहिलास. माझं ऐकू नकोस. सहा वर्षं ऐकलं नाहीस, आता सवय मोडू नकोस. पण एकदा ये आणि स्वतःच्या डोळ्यांनी बघ. एकदा सकाळी, एकदा दुपारी. झाडात लपून बघणं तुझ्या रीतीत बसत नाही, मला माहीत आहे. पण तुझ्यामागे शंभरावर पोरं घोड्यांवर बसणार आहेत आणि त्यांनी तुझ्याशिवाय दुसऱ्या कुणाचं ऐकायचं नसतं. त्यांच्यासाठी ये.

ऊन हवं. ढग असले तर उपयोग नाही. मी रोज आकाशाकडे शेतकऱ्यासारखा बघतोय.

फिर्मां


८ एप्रिल, ईस्टर

ऑनोरे,

झाडात बोलता येत नाही आणि खाली उतरल्यावर तू थांबला नाहीस. म्हणून हे लिहितो.

पहाटे उठलो तेव्हा आभाळ शिशासारखं होतं. मी पाद्रीबुवांना सोडून बाकी सगळ्यांना शिव्या दिल्या. तू येणार नाहीस याची खात्री होती. आणि आलास तर परत जाशील, पुन्हा येणार नाहीस, याचीही. मग खंदकाच्या वळणावरून तू आलास, चिखलात गुडघ्यापर्यंत, आणि ती तलवार कमरेला. ती घेऊन शिडीवर चढता येणार नव्हतं. तू ती बारनाबेच्या हातात दिलीस. तुला दिसलं नाही, पण तू वर असेपर्यंत त्याने ती दोन्ही हातांवर आडवी धरली होती, बारशाला पोर धरतात तशी. चेष्टेचा एक शब्द त्याच्या तोंडून आला नाही. मला काळजी वाटली, आजारी आहे की काय.

तुझ्या गुडघ्यांसाठी ते झाड केलेलं नाही. माझ्या डोक्यावर तुझे बूट होते आणि मानेत तुझ्या चिखलाची धार. मी मनात म्हणत होतो, आता हा म्हणेल, "तीन गंज्या. तिन्ही सारख्या." आणि उतरेल. सूर्यच नाही तर सावली सरकणार कशी? माझी सगळी शहाणपणाची गोष्ट उन्हावर बेतलेली.

तू बराच वेळ बघत राहिलास. मग खाली वाकून हळूच विचारलंस, "आज ऊन नाही ना?"

"नाही," मी म्हटलं.

"कुठेच सावली नाही. या झाडालाही नाही."

"नाही."

"मग ती तिसरीला कसली आहे?"

ऑनोरे, मी दहा दिवस उन्हासाठी नवस बोलत होतो. ढगात ते जास्त उघड दिसतं, हे माझ्या डोक्यात आलं नाही. पडदेवाल्याच्या डोक्यात येणारच नाही. आमच्याकडे ढगातही दिवा चालूच असतो. ते दिसायला उघड्या रानात आयुष्य काढलेला माणूस लागला.

उतरल्यावर तू तलवार बांधलीस, हातमोजे घातलेस आणि म्हणालास, "झाड चांगलं झालंय." मग गेलास.

एवढं पुरे आहे मला.

फिर्मां


१५ एप्रिल

ऑनोरे,

तू वर जाऊन भांडलास हे कळलं. कर्नलसाहेबांनी तुला काय उत्तर दिलं तेही कळलं: वेळ उरला तर तोफखाना गंजीवर दोन-चार गोळे टाकेल. पायी जाण्याची परवानगी नाही, कारण घोडदळ हे घोड्यावर असतं. ब्रिसाकने जेवताना सगळ्यांसमोर तुझ्यापुढे गवताची काडी ठेवली, हेही.

आता बर्फ पडतंय. एप्रिलच्या मध्यावर. उद्या तोफखान्याला स्वतःचे हात दिसले तरी खूप.

सोबत नकाशा आहे. पट्ट्याच्या डाव्या बाजूला पाण्याचा जुना चर आहे. वाडीच्या मालकाने कधीतरी खणला असेल. माणसाच्या छातीएवढा खोल आहे, आणि वळत वळत तिसऱ्या गंजीच्या कुशीत जातो. त्या बाजूला तिच्या बंदुका वळत नाहीत. मी चार वेळा तपासलंय. वाट मी निळ्या पेन्सिलीने दाखवली आहे.

त्या चरात घोडा मावत नाही. माणूस मावतो.

मी काय मागतोय ते मला कळतं. तू सहा वर्षांचा असताना बाबांनी तुला खोगिरावर ठेवलं. मी रडलो म्हणून मला उतरवलं. तेव्हापासून तू वर आणि मी खाली, आणि आपण दोघांनी ते मान्य करून टाकलं. उद्या उतरलास तर तुला कुणी शूर म्हणणार नाही. पत्रं येतील, चौकशी होईल. बाबा असते तर काय म्हणाले असते याचा मी दोन दिवस विचार करतोय. बाबा त्या सत्तरच्या लढाईनंतर स्वतः कधीच घोड्यावर बसले नाहीत, एवढंच आठवतं. आपण कधी विचारलं नाही का ते.

झाडात बसणं माझं काम नाही असं मी लिहिलं होतं. उद्या मी तिथेच असेन.

फिर्मां


२ मे

ऑनोरे,

क्लोतिल्दवहिनी, हे इस्पितळात तूच त्याला वाचून दाखवणार आहेस. सावकाश वाच. त्याने मधे थांबायला सांगितलं तर थांब, भिंतीकडे तोंड केलं तर थांबू नकोस.

डॉक्टर म्हणतात तुझा जखमी पाय राहील, गुडघा वाकणार नाही. म्हणजे झाडात चढण्याचा प्रश्न मिटला.

तू मागे वळून बघू शकला नाहीस, म्हणून मी बघितलं ते सांगतो. बर्फ मधेच थांबलं होतं. पायदळ सकाळपासून तारांवर अडकलेलं, पण कुठल्यातरी टेलिफोनवर कुणीतरी 'वाट मोकळी' असं ऐकलं, आणि दुपारी तुम्हाला सोडलं. तुमची दोन स्क्वाड्रन्स पट्ट्याच्या तोंडाशी आली. तिसऱ्या गंजीवर एकही गोळा पडला नव्हता. ब्रिसाकने तलवार काढली. मी जाळीवर नाक दाबून बसलो होतो.

तू हात वर केलास. आणि उतरलास.

घोडीच्या तोंडावरून हात फिरवलास, लगाम एका पोऱ्याकडे दिलास, आणि तलवार खोगिराला अडकवून बंदूक घेतलीस. तुझ्यामागे तुझे सगळे स्वार उतरले. क्षणभर त्यांना कळेना पायांचं काय करायचं. मग तू चरात शिरलास आणि मला दिसेनासा झालास. माझ्या आयुष्यात कुणी दिसेनासं झाल्याचं इतकं बरं मला कधी वाटलं नव्हतं.

ब्रिसाक घोड्यावरूनच गेला. त्याने तुझ्याकडे बघून टोपीला हात लावला, तो टोमणा होता की निरोप ते मला कळलं नाही. फार सुंदर दौड होती. बाबांच्या गोष्टीतली असावी तशी. मग गंजीच्या पिवळ्या बाजूला चार काळी भोकं पडली आणि ते शिवणयंत्र सुरू झालं. "आमच्या स्वर्गातील पित्या" ही प्रार्थना मी म्हणायला घेतली. ती संपली तेव्हा पट्ट्यात उभा असलेला एकही घोडा नव्हता.

तुम्ही चरातून गंजीच्या कुशीत पोचलात तेव्हा अंधारत आलं होतं. पुढचं तुला माहीत आहे. तुझ्या माणसांपैकी अकरा गेली. बाकीची तुझ्या खाटेकडे येऊन गेली, तू त्यांच्याशी बोलला नाहीस असं वहिनी लिहिते. ऑनोरे, ती आली होती. चालत.

टेकडी बाकी त्यांच्याकडेच राहिली, फक्त तेवढा उतार आपल्याकडे आला. दोन दिवसांनी मी गंजीपाशी गेलो. आत सिमेंटची खोली होती. तिथल्याबद्दल लिहीत नाही. बाहेरचा पडदा मी मागच्या बाजूने पाहिला. चौकटींवर खडूने आकडे टाकलेले, जोडताना कुठली कुठे ते कळावं म्हणून. आम्हीही असेच टाकतो. कडेला ब्रश पुसलेले पिवळ्या रंगाचे पट्टे. हवा तो पिवळा सापडेपर्यंत त्यांच्या रंगाऱ्याने बराच त्रास घेतला होता. काम फार चांगलं होतं. तो सावली रंगवण्याआधी थांबला असता तर मी आज हे पत्र दुसऱ्या कुणाला लिहीत असतो. त्याची एक चूक मी वर कळवली, आणि तीच माझ्या भावाला वाचवून गेली. हे त्याला कधी कळू नये.

कर्नलसाहेबांनी मला चौकशीला बोलावलं. "तुमच्या भावाने स्वार उतरवले ते कुणाच्या सांगण्यावरून?"

"ढगांच्या, साहेब."

ते त्यांनी लिहून घेतलं नाही. मग मी सकाळचं एक आणि दुपारचं एक चित्र टेबलावर ठेवलं आणि म्हटलं, माझ्या सांगण्यावरून. त्यांनी ती बराच वेळ पाहिली. बूट तेव्हाही चकचकीतच होते. निकाल काय लागेल ते ठाऊक नाही. तुला कुठल्यातरी घोडे-खरेदीच्या डेपोवर पाठवतील अशी कुजबुज आहे. मला झाड हलवायला सांगितलंय.

वहिनी लिहिते की तू आतापर्यंत एकदाच तोंड उघडलंस: "मार्कीझ कुठे आहे?" म्हणून मी तुझ्या घोडीला शोधायला निघालो. तुमचे घोडे तोफखान्याला वाटून टाकलेत. तीन छावण्या हिंडलो. ती चौथीत सापडली, दारूगोळ्याच्या गाडीला जुंपलेली, डाव्या बाजूला. मी ओळखली नाही, तिने ओळखलं. बरगड्या मोजता येतात. शेपूट शेजारच्या घोड्यांनी कुरतडून अर्धी केली आहे. भुकेने ते एकमेकांच्या शेपट्या खातात. पण पायाला काही नाही, डोळे स्वच्छ आहेत. गाडीवान नॉर्मंडीचा आहे, मारत नाही. त्याला मी तुझं नाव सांगितलंय.

काल संध्याकाळी मी माझी गादी खांद्यावर टाकून तिकडे गेलो आणि तिच्यापुढे उसवली.

गाडीवान म्हणाला, "काय हो, गादी चारताय?"

"तिचीच आहे," मी म्हटलं. "मार्चपासून माझ्याकडे राहिली होती."

तिने आधी हुंगलं. दीड महिना मी त्यावर झोपलो होतो, म्हणून जरा विचारात पडली. मग खाल्लं. शेवटच्या काडीपर्यंत, कुठे न थांबता. संपल्यावर माझ्या बाहीवर वाळलेला हिरवा रंग एकदा चाटून पाहिला, आणि सोडून दिला.

तुझा,
फिर्मां